दिवस मावळायच्या आत

जेसीबीच्या तोंडाला टांगलेला हार खाली येईना. ऑपरेटर दांडा ओढायचा, लोखंडी पंजा एक हिसका द्यायचा आणि जिथल्या तिथं थांबायचा. प्रत्येक हिसक्याला मूठभर झेंडू वीरधवलरावांच्या खांद्यावर पडत होता. ते हाराच्या बरोबर खाली उभे होते, कारण त्यांचा इथला कार्यकर्ता आप्पासो यानं त्यांना दंडाला धरून तिथं उभं केलं होतं.

"आप्पासो, हार राहू दे. मला निघायचंय."

"दोनच मिनिटं, सरकार. पोरं सकाळपास्नं ओवत्यात."

"दिवस मावळायच्या आत मला बोरमाळला पोचायचंय."

"पोचताय की! सूर्याला निरोप धाडतो, सरकार येस्तोवर जरा थांब म्हणावं."

पेठ नाक्यावर जमलेली माणसं खदाखदा हसली. वीरधवलराव हसले नाहीत. पूर्वी असल्या बोलण्यावर ते आप्पासोच्या पाठीत थाप मारायचे. आज त्यांनी नुसतं पश्चिमेला पाहिलं. पौषातलं ऊन पिवळं पडायला लागलं होतं.

शेवटी कुणीतरी पंजावर चढलं आणि दोरीच कापली. हार धप्पकन रस्त्यावर पडला. माणसांनी टाळ्या वाजवल्या, फोन वर केले. वीरधवलराव गाडीकडं वळले, तोवर आप्पासोच्या हातात माइक आला होता.

"एक मिनिट! कैलासवासी वहिनीसाहेबांना श्रद्धांजली म्हणून सर्वांनी दोन मिनिटं जागेवर शांत उभं ऱ्हायचं हाय!"

सगळे उभे राहिले. एक ट्रक हॉर्न वाजवत गेला. आप्पासोनं डोळे मिटले, उघडले, आणि माइक तोंडाशी नेला. "धन्यवाद. सरकार, तुम आगे बढो!"

"हम तुम्हारे साथ हैं!" माणसं ओरडली.

तीन महिने हे असंच चाललं होतं. जिथं जाईल तिथं आधी त्यांच्या पत्नी संयोगिताराजेंच्या नावानं दोन मिनिटं, आणि मग घोषणा. ती दोन मिनिटं कुठंच पुरी होत नव्हती.

गाडीत बसल्यावर वीरधवलरावांनी कॉलरमधून झेंडू काढून खिडकीबाहेर टाकला. पुढच्या सीटवर त्यांचा मुलगा यशराज फोनवर होता. एक फोन ठेवत होता, दुसरा घेत होता.

"आबासाहेब, पुढं फक्त चहा आहे. तीन नगरसेवक थांबलेत."

"चहा नको."

"पाच मिनिटं."

"यशराज, आप्पासोची दोन मिनिटं किती झाली ते तू बघितलंस. आता कुठंही थांबायचं नाही. हरिबा, गाडी थांबवली तर याद राख."

"जी साब," हरिबा म्हणाला. तो रहिमतपूरचा. फौजेतून आल्यापासून यांच्याच गाडीवर होता.

यशराजनं मागं वळून पाहिलं. "कमाल आहे. आयुष्यभर लोकांनी तुमची वाट बघितली. नेमकं आजच काय झालं?"

वीरधवलरावांनी मनगटावरचं घड्याळ बघितलं. सांगण्यासारखं नव्हतं.

साताऱ्याच्या पूर्वेला बहिरगाव म्हणून लहानशी जहागीर होती, तिचे ते वारस. जहागीर कायद्यानं गेली तेव्हा त्यांचा जन्मही झाला नव्हता, पण गावाच्या लेखी ती कधी गेलीच नाही. लहानपणी एका दसऱ्याला सगळं गाव सोनं द्यायला दुपारपासून पटांगणात उभं होतं आणि वडील आत बसून संत्रं सोलत होते. छोट्या वीरधवलनं सांगितलं, लोक थांबलेत. वडिलांनी संत्र्याची एक फोड त्याच्या हातावर ठेवली. "थांबू देत. वेळेवर जातो तो कारकून."

पुढं पुण्याला वकिली शिकून ते परत आले आणि आमदारकीला उभे राहिले. काय करणार म्हणून कुणी विचारलं नाही. गादीचा माणूस आहे, एवढं पुरेसं होतं. तीनदा निवडून आले. एकदा राज्यमंत्री झाले, तेही मत्स्यव्यवसाय खात्याचे. ज्या तालुक्यात प्यायच्या पाण्याला टँकर लागतो, तिथल्या आमदाराला सरकारनं मासे दिले, म्हणून गावोगाव विनोद झाले. मग पक्ष बदलला. मग परत बदलला. दर खेपेला हरिबा एवढंच विचारायचा, "साब, आता झेंडा कुठला लावू?" पण पक्ष कुठलाही असो, चारची सभा सातला सुरू व्हायची. लोक उन्हात बसायचे, बायका लेकरं मांडीवर निजवायच्या, आणि गाडीचे दिवे दिसले की सगळे उठून उभे राहायचे. त्या उठण्याची वीरधवलरावांना सवय झाली होती.

ती सवय एकदाच महागात पडली, असं त्यांना वाटत होतं.

सातारा आणि सांगली मिळून विधान परिषदेची सहा वर्षांसाठी एक जागा असते. तिथं साधा मतदार नसतो. दोन्ही जिल्ह्यांतले नगरसेवक आणि झेडपीचे सदस्य मतं देतात. मोजकी माणसं, गुप्त मतदान. मागच्या खेपेला वीरधवलराव उभे होते. सांगलीच्या अलीकडं, कृष्णेच्या काठच्या बोरमाळचे पायगोंडा तेव्हा झेडपीचे सदस्य होते. जैन शेतकरी, शब्दाचा माणूस. त्यांच्यामागं आठ-नऊ मतं होती. पायगोंडांनी त्यांना घरी जेवायला बोलावलं होतं. एकच गोष्ट दोनदा सांगितली होती, सरकार, दिवस मावळायच्या आत या. आमच्यात रात्रीचं जेवत न्हाईत.

वीरधवलराव पोचले तेव्हा गावातले दिवे लागून गेले होते. पायगोंडांची म्हातारी आई पाहुणा जेवल्याशिवाय घास घेणार नव्हती, आणि अंधार पडल्यावर तर पाणीही घेणार नव्हती. ती तशीच उपाशी झोपली. वीरधवलराव ओसरीवर दहा मिनिटं बसले, जेवण राहू द्या म्हणाले आणि निघाले. म्हातारीचं त्यांना तेव्हा कळलंही नव्हतं.

निवडणुकीत ते सात मतांनी पडले. बोरमाळचा गट फिरला हे उघड होतं, पण का फिरला ते कळेना. आठ दिवस ते उठता-बसता पायगोंडांना शिव्या घालत होते. मग एका सकाळी संयोगिताराजेंनी सांगितलं.

"तुम्ही त्यांच्या आईला उपाशी ठेवलंत. माणसं बोलून दाखवत नाहीत, पण विसरतही नाहीत."

त्यानंतर वीरधवलराव बोरमाळला गेले नाहीत. म्हातारी वारली तेव्हाही नाही. संयोगिताराजे तेवढ्या गेल्या. त्यांचं माहेर त्याच बाजूचं, आणि पायगोंडांच्या पत्नी चंदनबाला त्यांच्याबरोबर सांगलीत विश्रामबागेतल्या कॉलेजात शिकलेल्या.

आता पुन्हा तीच निवडणूक होती. पायगोंडांचा मुलगा भरतेश सांगलीत नगरसेवक झाला होता आणि गट त्याच्याकडं आला होता. पण भरतेश बापाला विचारल्याशिवाय पाणी पीत नाही, असं यशराज म्हणायचा. म्हणून आज बोरमाळ. यशराजच्या लेखी तो मतांचा विषय होता. वीरधवलरावांनी मनाशी वेगळंच धरलं होतं. मतं मिळोत न मिळोत, त्या घरात एकदा उजेडी जायचं आणि त्यांच्या पंगतीला जेवायचं. संयोगिताराजे असताना ते जमलं नव्हतं.

"आता हे काय?" ते सीटवरून पुढं वाकले.

समोर उसाचा ट्रॅक्टर होता. मागं दोन ट्रॉल्या, दोन्ही डोंगरासारख्या भरलेल्या. ट्रॅक्टरवर इतक्या मोठ्यानं गाणं लागलं होतं की मागचा हॉर्न ऐकू जाणं शक्य नव्हतं.

"ओव्हरटेक कर."

"साब, पुढनं एसटी येतीया."

"एसटी गेल्यावर कर."

एसटी गेली, तर तिच्यामागून दुसरा ट्रॅक्टर दिसला. हरिबानं गियर खाली घेतला. "एवढी घाई व्हती तर घरनंच येळेवर निघायचं व्हतं की, साब. फौजेत आसता तर कवाच कोर्ट मार्शल झाला आसता तुमचा."

"तू गाडी चालव."

"चालीवतोच हाय. पळीवता येईना, त्याला मी काय करू?"

यशराजला हसू आलं. वीरधवलरावांना आलं नाही. सकाळी ते वेळेवरच तयार झाले होते. पण अंगणात भेटायला आलेली माणसं बसली होती. एकाला बदली हवी होती, एकाला पोरीच्या लग्नाला सरकार हवे होते, एकाला नुसताच फोटो. प्रत्येकानं आधी वहिनीसाहेबांसाठी डोळे पुसले होते. पूर्वी अशी माणसं बसलेली असली की संयोगिताराजे आतून यायच्या, चहाचे कप उचलायला लागायच्या, आणि माणसं आपोआप उठायची. ती युक्ती वीरधवलरावांच्या आज पहिल्यांदा लक्षात आली. त्यांनी स्वतः दोन कप उचलून पाहिले होते. तर माणसंच धावली होती, "सरकार, आवं, तुमी कशाला?" आणि पुन्हा बसली होती.

कारखान्याच्या फाट्यावर ट्रॅक्टर वळला. हरिबानं गाडी सुसाट सोडली. डावीकडं उसाच्या तुऱ्यांवर ऊन लाल झालं होतं.

बोरमाळला गाडी शिरली तेव्हा सूर्य नदीकाठच्या झाडांच्या हातभर वर होता.

ओसरी रिकामी होती. सतरंजी अजून गुंडाळलेली भिंतीशी उभी होती. गोठ्यात बनियन घातलेला, धोतर खोचलेला एक म्हातारा म्हशीच्या अंगावर पाणी मारत होता. त्यानं वर पाहिलं आणि बादली हातातच राहिली.

"आवं, सरकार! तुमी?"

"मीच, पायगोंडा."

"आत्ताच?"

"पाचला येतो म्हणालो होतो. थोडा उशीरच झाला."

"उशीर कुठला! पाच म्हटल्यावर आमी आठ धरलं व्हतं. समद्यास्नी सातनंतर या म्हणून सांगितलंय." पायगोंडांनी घाईघाईनं हात धुतले आणि आत हाक मारली. "आवं, ऐकलं का? सरकार आल्यात! उजेडी आल्यात!"

गावभर सांगावं अशा आवाजात ते ओरडले. यशराज गाडीतून उतरलाच नाही. त्यानं खिडकीतून हात जोडले. "काका, मी भरतेशला आणि बाकीच्यांना विश्रामबागेतून घेऊनच येतो. इथं नुसतं बसून काय करायचं?" आणि हरिबाला घेऊन तो पुढं गेला.

चंदनबाला दारात आल्या. केस पांढरे, नऊवारीचा पदर खांद्यावरून घेतलेला. त्यांनी नमस्कार केला, आकाशाकडं एकदा पाहिलं आणि म्हणाल्या, "बोलणं नंतर. आधी पाटावर बसा. वेळ थोडा आहे."

पंगत दोघांचीच होती. भाकरी, शेवग्याची आमटी, वांग्याची भाजी, भात, वर तूप. पश्चिमेच्या खिडकीतून ऊन समोरच्या भिंतीवर पडलं होतं. वीरधवलरावांना कुणी जेवताना घाई करत नसे. इथं चंदनबाला वाढता वाढता, "घ्या, घ्या, भात घ्या आता," म्हणत होत्या, आणि त्यांना ते बरं वाटत होतं. तीन महिन्यांत आपण कुठं नीट जेवलो होतो, ते त्यांना आठवेना. घरी सून ताट वाढायची आणि भीत भीत बाजूला उभी राहायची. त्या तसल्या उभं राहण्यानं घास उतरत नसे.

"तुम्हीही बसा," ते चंदनबालांना म्हणाले.

"मी जेवले मगाशीच. तुमची वाट बघायची नाही असं ठरवलं होतं या खेपेला." त्या हसल्या. "तर तुम्हीच वेळेवर आलात."

भिंतीवरचं ऊन वर चढून पुसट झालं तेव्हा दोघांची पानं रिकामी झाली होती. पायगोंडांनी तांब्या वर धरून पाणी प्यायलं, तोंड पुसलं. वीरधवलरावांनी हात धुतले आणि पाटावर परत येऊन बसले. जे बोलायचं ते त्यांनी कऱ्हाडपासून जुळवलं होतं. उभ्या आयुष्यात असं कुणाला बोललेले नव्हते.

"पायगोंडा, मागच्या खेपेला मी अंधार पडल्यावर आलो. तुमच्या आई उपाशी झोपल्या. त्या गेल्या तेव्हाही मी आलो नाही. माझं चुकलं."

पायगोंडा त्यांच्याकडं बघत राहिले. मग बायकोकडं बघितलं.

"आईचं म्हणताय व्हय? सरकार, आमची आई आष्टमीला उपाशी, चतुर्दशीला उपाशी. पर्युषण पर्वात तर इचारूच नका. एका रातीचं तिला काय?"

"पण मतं त्यावरूनच फिरली ना?"

"कशावरनं?"

"मी उशिरा आलो म्हणून."

पायगोंडा मोठ्यानं हसले. "आवं, उशिरा आलाय म्हणून मतं फिरली आसती तर तुमी एकदाबी निवडून आला नसता! कवा येळेवर आलाय तुमी? तुमची वाट बघण्यात आमचं आयुष्य गेलं की!"

त्यांचं हसणं मध्येच थांबलं. चंदनबालांनी पदर सारखा केला. आवारात म्हैस ओरडली, तिच्याकडं कुणी लक्ष दिलं नाही.

"मग कशावरून फिरली?" वीरधवलरावांनी विचारलं.

पायगोंडा उठले. "ह्या सांगतील," असं पुटपुटून ते खिडकीशी जाऊन उभे राहिले, पाठ करून.

"तुम्हाला तिनं काय सांगितलं होतं?" चंदनबालांनी विचारलं.

"कुणी?"

"संयोगितानं."

घरात वीरधवलराव बायकोला 'अहो' म्हणायचे, त्याही त्यांना 'अहो' म्हणायच्या. बाकी जगासाठी त्या वहिनीसाहेब होत्या. नुसतं संयोगिता म्हणणारं कुणी अजून आहे, हे त्यांना नवीन होतं.

"हेच. की तुमच्या सासूबाई उपाशी राहिल्या, म्हणून."

"असं सांगितलं होय." चंदनबालांनी वाढायचं भांडं बाजूला सरकवलं. "ती आली होती. मतदानाला चार-सहा दिवस होते. एकटी, एसटीनं. गाडी घेतली असती तर तुम्हाला कळलं असतं. तोंडावर पदर घेऊन स्टँडवरून चालत आली, मी ओळखलंच नाही. आणि तुम्ही आत्ता बसलाय ना, तिथं बसली. म्हणाली, चंदन, एक मागते, नाही म्हणू नको. या खेपेला यांना पडू द्या."

वीरधवलरावांनी बसल्या पाटाकडं पाहिलं.

"मी म्हटलं, वेड लागलं का तुला? तर म्हणाली, नाही गं. तिकडं सहा वर्षं गेले की मग राहिलं काय? आता पडले तर घरी तरी येतील. यांना म्हणाली, पायगोंडा, मी तुमच्याकडं आजवर काही मागितलं नाही. यांनी शब्द दिला."

"रडत होत्या?"

"छे! हसत होती. कॉलेजात होती तशी. तुम्ही पडल्यावर काय काय करायचं ते सांगत बसली. तुम्हाला रमी शिकवणार होती."

"रमी?"

"तुम्हाला माहीत नाही? हॉस्टेलवर सगळ्यांचे खाऊचे पैसे जिंकायची ती."

वीरधवलरावांनी हात मांडीवर ठेवले. निकालाची रात्र त्यांना आठवत नव्हती, दुसरी सकाळ आठवत होती. संयोगिताराजेंनी चहा आणून ठेवला होता, स्वतःचा कपही आणला होता, आणि समोरच्या खुर्चीत बसत विचारलं होतं, आज कुठं जायचं नाही ना? ते खवळले होते. पडलो म्हणून घरात तोंड लपवून बसू? आणि हरिबाला गाडी काढायला सांगितली होती. मग मुंबई. मग पक्षानं एक महामंडळ दिलं. मग पुढच्या निवडणुकीची तयारी, लग्नं, मयती, सत्कार. आमदार असताना फिरत नव्हते इतके ते पडल्यावर फिरले होते. त्या मधल्या वर्षांत त्या कधी रमीचं बोलल्या का, ते त्यांना आठवेना. बोललं जाईल इतका वेळ ते बसले असतील, असंही वाटेना.

"सरकार," पायगोंडा खिडकीशीच उभे राहून बोलले, "मी मतं फिरीवली. मीच. पाठीत वार केला म्हणा, काय म्हणायचं ते म्हणा. पण त्या बाईनं पदर पसरला व्हता."

"तेव्हाचं झालं. आत्ताचं काय?"

चंदनबालांनी मान खाली घातली. "दवाखान्यात मी भेटायला आले होते तिला. तुम्ही तेव्हा दिल्लीला होता. मी विचारलं, परत निवडणूक येतीय, आता कसं करू? ती म्हणाली, शब्द तसाच राहू दे. मी म्हटलं, अगं, तू नसताना ते घरी बसून करतील काय? तर चिडली. म्हणाली, त्यांचं त्यांना बघू दे, मी किती बघू!"

हे चिडणं वीरधवलरावांना तंतोतंत ऐकू आलं. शेवटच्या दिवसांत त्या अशाच बोलायच्या. इतक्या वेळात पहिल्यांदाच त्यांच्या ओठांच्या कडा हलल्या.

"पण आता त्या न्हाईत," पायगोंडा म्हणाले. ते आता समोर येऊन उभे राहिले होते. "आनी तुमी उजेडी आलाय, माझ्या पंगतीला जेवलाय. भरतेश मी सांगीन तसं करंल. मला कळंना झालंय सरकार. तुमीच सांगा. शब्द पाळू का मोडू?"

बाहेर गाड्या थांबल्याचा आवाज आला. दारं आपटली, बूट वाजले. "म्हणजे? सरकार आधीच आले?" कुणीतरी ओरडलं, आणि ओसरीवर हशा पिकला. यशराज थेट आत आला.

"आबासाहेब, सगळे आलेत. भरतेशचा पूर्ण गट आहे. तुम्ही फक्त दोन शब्द बोला, बाकी मी बघतो. जेवण झालं ना?"

"झालं."

वीरधवलराव उठले. गुडघ्याला हात द्यावा लागला. पायगोंडा पुढं झाले होते, पण त्यांनी मदत घेतली नाही.

ओसरीवर सतरंजी पसरली होती. माणसं उठून उभी राहिली. भरतेशनं वाकून नमस्कार केला आणि सवयीनं म्हणाला, "प्रथम वहिनीसाहेबांना श्रद्धांजली म्हणून आपण..."

"राहू दे भरतेश. बसा सगळे."

माणसं बसली. वीरधवलराव मात्र उभेच राहिले. आवारात अंधार पडला होता. पायगोंडा दाराच्या चौकटीला टेकून उभे होते आणि त्यांच्यामागं चंदनबाला.

"मी लांबण लावत नाही," वीरधवलराव म्हणाले. "पायगोंडांनी माझ्या घराला एक शब्द दिलेला आहे. तो त्यांनी पाळावा. तुम्ही सगळ्यांनी त्यांच्या शब्दाबाहेर जाऊ नये. एवढंच सांगायला मी आलो होतो."

क्षणभर कुणाला कळलं नाही की भाषण संपलं. मग भरतेशनं टाळ्या वाजवल्या, आणि सगळ्यांनीच वाजवल्या. यशराजनं शेजारच्या नगरसेवकाचा हात हातात घेऊन दाबला. पायगोंडांनी दोन्ही हात जोडले ते तसेच धरून ठेवले. चंदनबाला आत निघून गेल्या.

गाडी गावाबाहेर पडेपर्यंत यशराज दोघांशी फोनवर बोलला होता. "बोरमाळ ओके. हो, पूर्ण गट. आबासाहेबांनी सगळ्यांच्या समोर शब्द काढून घेतला ना! एका वाक्यात!" त्यानं मागं वळून पाहिलं. कितीतरी दिवसांनी त्याच्या चेहऱ्यावर बापाविषयी कौतुक होतं. "खरंच सांगतो आबासाहेब, मला वाटलं होतं तुम्ही आता थकलात."

वीरधवलरावांनी त्याला आणखी एक फोन करू दिला.

हमरस्ता आला. हरिबानं उजवीकडचा दिवा लावला, मिरजेकडं वळायला.

"हरिबा, साताऱ्याकडं घे. घरी."

"आबासाहेब!" यशराज पुरता मागं वळला. "मिरजेत हॉल घेतलाय. लोक जमलेत. तुमच्यासाठी जेवायचे थांबलेत सगळे."

"त्यांना सांग, जेवून घ्या. माझी वाट बघू नका."

चिडून यशराजनं फोन कानाला लावला आणि तेच वाक्य जसंच्या तसं पलीकडं सांगितलं. या गाडीत ते आजवर पुष्कळदा बोललं गेलं होतं. फक्त फोन घरी लागलेला असायचा.